ओटीतल्या गोवऱ्या

त्या पठारावर पहाट आधी गाईंच्या शिंगांवर उतरायची. जमीन अजून काळोखात, झोपड्या काळोखात, माणसं काळोखात; आणि त्या सगळ्या काळोखावर अधांतरी तरंगणारी शिंगं तेवढी सोनेरी. दीर्घशृंगी गाई, चंद्रशृंगी गाई. मग उजेड शिंगांवरून पाठीवर ओघळायचा, पाठीवरून गवतावर, गवतावरून काटेरी कुंपणावर, आणि सर्वांत शेवटी, मुद्दाम राखून ठेवल्यासारखा, धुनीच्या भस्मशुभ्र राखेवर. आफ्रिकेच्या नैर्ऋत्य टोकाकडच्या हेरेरो गुराख्यांच्या वाडीत दिवस असा उजाडायचा.

ती धुनी मोठ्या झोपडीच्या दारासमोर होती, वासरांच्या गोठ्याकडे तोंड करून. तिच्या धुराच्या वाटेने पूर्वज खाली येत, धगीजवळ बसत, घरातलं बरंवाईट ऐकून घेत. संध्याकाळी तिचा निखारा मोठ्या झोपडीत निजे, पहाटे पुन्हा अंगणात येई. पणजोबांनी पेटवलेला निखारा आजोबांनी पाहिला, आजोबांचा बापाने पाहिला. विझणं त्याला ठाऊक नव्हतं. घरधन्याच्या पट्टराणीची कुंवार लेक तो सांभाळायची. तशी रीतच होती.

ऊंजे या घरातली थोरली लेक होती. पण ती धाकट्या बायकोची थोरली.

आणि मेकूपी तिच्याहून तीन वर्षांनी लहान, पण पट्टराणीची. ऊंजे अकरा वर्षांची असताना एका रक्तवर्ण, धूलिधूसर संध्याकाळी बापाने, चेरिपोने, मेकूपीला बोलावलं आणि तिच्या इवल्या हातात ते मातीचं मडकं दिलं. पोर इतकी धांदरट की पहिल्याच दिवशी तिने निखारा बोटांनीच उचलला. उजव्या हाताच्या तीन बोटांवर टपोरे फोड आले. ती रडली नाही. बाप हसला, चुलता काचिवी हसला, अख्खी वाडी कौतुकाने हसली. फक्त ऊंजे हसली नाही.

ते फोड पुढे बरे झाले, डाग राहिले. तीन तांबूस, चकचकीत डाग. इतर पोरी गळ्यातल्या लोखंडी मण्यांकडे बघायच्या, पायांतल्या वळ्यांकडे बघायच्या; ऊंजे बघायची बहिणीच्या बोटांकडे. आपल्या डागविरहित बोटांची तिला लाज वाटायची.

धुनीभोवती बसायचे दगड ठरलेले. उजवीकडचा गुळगुळीत, काळाभोर दगड मेकूपीचा. डावीकडे, वाऱ्याच्या तोंडी, ऊंजे बसे. तरी धूर जाई तो मेकूपीकडे. वारा इकडचा असो की तिकडचा, तो निळसर, आळसावलेला धूर दोन वळसे घेई आणि अखेर तिच्याच खांद्यावर मान टाके. "ज्याच्यावर म्हाताऱ्यांचा जीव, त्याच्या डोळ्यांत धूर," काचिवीकाका पूर्वजांविषयी चेष्टेने म्हणे. मेकूपी डोळे चोळत खोकत सुटे. ऊंजेचे डोळे कोरडे ठणठणीत, आणि तरी झोंबे ते तिलाच.

सकाळचं दूधही तसंच. ऊंजे पहाटे उठून ठिपकीला पिळी. ठिपकी म्हणजे तिची स्वतःची गाय, तांबूस, कपाळावर पांढरा ठिपका असलेली. दूध फेसाळे, लाकडी कासंडी काठोकाठ भरे. पण धुनीपाशी बसलेल्या बापाने त्याचा पहिला घोट घेऊन पूर्वजांना सांगितल्याशिवाय ते कुणी तोंडाला लावायचं नाही. आणि ती कासंडी बापाच्या हाती द्यायची ती धुनीवालीने. गाय माझी, कष्ट माझे, पहाटेची थंडी माझी. आणि मिरवायला ही! ऊंजे शेवटच्या चार पावलांआधी थांबे, कासंडी बहिणीच्या हातात देई, आणि त्या चार पावलांचं अंतर रात्रंदिवस मोजत राही.

एकदा, एकदाच, तिने मनात म्हटलं: हिच्या हातून विझो. जगाचं काही बिघडू नये, गाईगुरांना काही होऊ नये, फक्त हिच्या हातून विझो. मग घाबरून तिने जीभ चावली. पण मनातलं बोलणं जिभेला कुठे धरता येतं?

तेवढ्यात जग बिघडलं.

जर्मन आधी पाहुण्यासारखे आले, मग शेजाऱ्यासारखे, मग धन्यासारखे. त्यांनी पाणवठ्याभोवती तारा ठोकल्या. जिथे गाईंच्या खुरांनी शतकानुशतकं वाटा कोरल्या होत्या, तिथे खांब उभे राहिले, आणि वाट विचारणाऱ्याच्या पाठीवर चाबूक पडू लागला. पट्टराणी गुरांच्या साथीच्या वर्षीच गेली होती, ऊंजेची आई तिच्यामागून. मग एका वर्षी, ऐन उन्हाळ्यात, गडी माणसं उठली. चेरिपोने भाला घासला, काचिवीने जुनी बंदूक काढली. गवतातून गवतासारखी माणसं चालली, सात महिने लढली, आणि थकून आपल्या बायकापोरांसह, गुरावासरांसह लाल कड्यांच्या डोंगराखाली येऊन थांबली. वॉटरबर्ग म्हणतात त्या डोंगराला. तिथे तोफा आल्या.

त्या दिवसाचं वर्णन ऊंजेने पुढे आयुष्यभर कधी केलं नाही. कडे लाल होते, मग धूर झाला, मग कडे दिसेनासे झाले. चेरिपो पडला. आगीला जन्म देणाऱ्या, घासून ठिणगी काढायच्या पूर्वजांच्या पवित्र काड्या झोपडीबरोबर जळून गेल्या. उरलं ते मेकूपीच्या पोटाशी धरलेलं मडकं, आणि त्यात पणजोबांचा निखारा. आता तो विझला तर पुन्हा पेटवायला घरात काही नव्हतं.

काचिवीकाका चाळीस माणसं घेऊन पूर्वेला निघाला. दुसरी दिशा मोकळीच नव्हती. पूर्वेला ओमाहेके: वाळूचा, काट्यांचा, तहानेचा निर्जल, निर्मम विस्तार, आणि त्याच्या पलीकडे, वाचलो तर, बेचुआना लोकांचा मुलूख. मागे शिपाई पाणवठे धरून बसत चालले होते. त्यांच्या सेनापतीने हुकूम काढला होता म्हणे, की या देशात हेरेरो दिसला की गोळी घाला. हुकूम कुणी वाचला नव्हता, पण तो सगळ्यांना पाठ झाला होता.

सर्वांपुढे निखारा, निखाऱ्यामागे गाई, गाईंमागे माणसं. वाडी हलवायची तर याच क्रमाने, आणि पळतानाही काचिवीने क्रम मोडू दिला नाही. म्हणून त्या पांढऱ्या वाळूत सर्वांत पुढे मेकूपी चालत होती. वाऱ्यावर हेलकावणारी, काडीसारखी, मडकं छातीशी धरलेली मेकूपी. आणि तिच्या पाठीला डोळे लावून ऊंजे.

काय हा थाट! चाळीस माणसं मरणाच्या वाटेवर, आणि ही पुढे! सावलीचं झुडूप आलं तर आधी हिला. ओल्या वाळूतून पिळून ओंजळभर पाणी निघालं तर आधी हिला, कारण ही पडली तर निखारा पडेल. ऊंजेचे ओठ फाटले होते. पण तहानेपेक्षा तिला ते जास्त लागलं. खरं तेच सांगायचं तर तिला ते फार लागलं.

निखाऱ्याचं खाणं काय? घरची रीत होती की प्रवासात त्याने आपल्याच गुरांची वाळलेली गोवरी खावी. परक्या लाकडाची चव पूर्वज ओळखत नाहीत. शिवाय काट्याकुट्या भडकन पेटतात, फटकन विझतात, आणि त्यांचा काळा धूर कोसावरून शिपायांना बोलावतो. गोवरी मंद धुमसते, मुकी धुमसते, मूठभर असली तर रात्रंदिवस पुरते. म्हणून काचिवीने सांगितलं होतं, ज्याच्या गाईने शेण टाकलं त्याने ते वाळवून मेकूपीला द्यायचं. गाईंना चरायला गवत नव्हतं, प्यायला पाणी नव्हतं. त्या रोज एक, दोन, चार अशा गुडघ्यांवर बसत, शिंगं वाळूत टेकवत, आणि पुन्हा उठत नसत. शेवटी उरली एकटी ठिपकी.

आता अख्ख्या घराचा निखारा ऊंजेच्या गाईवर जगत होता. हे मात्र तिला आवडलं. ठिपकीमागे ती हात पसरून चाले, दुपारी शेण उन्हात थापी, संध्याकाळी दोन गोवऱ्या मेकूपीपुढे टाकी. देताना मान ताठ असे. मेकूपी दोन्ही हातांनी गोवऱ्या घेई, कपाळाला लावी, आणि ते पाहून ऊंजेच्या मनात एक विचार हळूच डोकं वर काढी.

मेकूपी खंगत चालली होती. गालांची हाडं वर आली होती, पावलं वाकडी पडत होती. ही काही पोचत नाही. मग मडकं कुणाकडे येणार? घरात दुसरी कुंवार लेक कोण? आणि ते आपल्या हाती आलं, तेव्हा ठिपकी नसली तर? रिकाम्या हाताने निखारा घ्यायचा आणि आपल्याच हातात विझवायचा? मग लोक म्हणणार, बघा, धाकटीने वाळवंटभर जगवला, थोरलीने घेतला आणि घालवला.

म्हणून तिने एक गोवरी ओटीत ठेवली. कमरेला गुंडाळलेल्या कातड्याच्या घडीत, पोटाशी. दुसऱ्या दिवशी आणखी एक. चोरी नव्हे हो, तिने स्वतःला समजावलं, निखाऱ्याचंच आहे, निखाऱ्यालाच घालायचं आहे. फक्त माझ्या हाताने. सहाव्या दिवशी ठिपकी बसली. कपाळावरचा पांढरा ठिपका वाळूला टेकला, आणि वाळू त्याच रंगाची असल्याने तो दिसेनासा झाला. ऊंजे तिच्या मानेला मिठी घालून खूप वेळ पडून राहिली. उठली तेव्हा ओटीत पाच गोवऱ्या होत्या.

दोन दिवसांनी, आभाळ भाजलेल्या विटेच्या रंगाचं झालं असताना, मेकूपी मागे वळून तिच्याजवळ आली.

"थोरले, ठिपकीचं काही उरलंय का गं? एखादा तुकडासुद्धा चालेल."

"कुठलं उरायचं? होतं ते दिलं की तुला."

मेकूपीने तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत संशय नव्हता, हेच ऊंजेला सोसलं नाही. "बरं," मेकूपी म्हणाली, आणि परत पुढे गेली. तिने मडक्याचं झाकण किलकिलं केलं, गाल फुगवून फुंकर घातली, मोठी, सावकाश, सगळ्यांना दिसेल अशी. मागची माणसं ती फुंकर पाहून उठली आणि चालू लागली.

रोज तीच फुंकर. सकाळी फुंकर, संध्याकाळी फुंकर. ते फुगलेले गाल पाहून पोरं कण्हायची थांबत, म्हातारे काठी टेकून उभे राहत. पूर्वज सोबत आहेत, अजून आहेत, धगधगत आहेत! ऊंजेला मात्र दिसे तो बहिणीचा तोरा. काहीच घातलं नाही तरी हिच्याकडे जगतोय. म्हाताऱ्यांचा जीवच हिच्यावर. मत्सराचं नवल असं की तो उपाशीपोटीही वाढतो. चाळीस माणसांची सव्वीस झाली, वीस झाली, आणि ऊंजेच्या ओटीतल्या पाच गोवऱ्या पाचच राहिल्या.

मेकूपीने गोवरी मागितल्यापासून चौथ्या दिवशी, भर दुपारी, एका पाणवठ्यावरून गोळ्या आल्या. सगळे पांगले, पालथे पडले, रांगत झुडपांत शिरले. शिपाई पुढे आले नाहीत. त्यांना कशाला घाई, तहान त्यांचं काम करत होती. एका बाभळीच्या चाळणीसारख्या सावलीत ऊंजेला मेकूपी सापडली. गोळी लागली नव्हती. तिला काहीच लागलं नव्हतं; ती संपली होती, एवढंच. मडकं तेवढं मांडीवर सरळ उभं होतं.

"घे," मेकूपी म्हणाली.

अकरा वर्षांच्या वयापासून ऊंजे याच शब्दाची वाट पाहत होती. तिने हात पुढे केले, मडकं घेतलं. ते थंड होतं. माठासारखं, नदीतल्या दगडासारखं, गार. तिने झाकण काढलं. आत राख होती, मऊ, समतल, भस्मशुभ्र. आणि राखेत बोट घातलं तरी बोटाला काही झालं नाही.

"कधी?"

"तुला विचारलं ना, त्याच संध्याकाळी. शेवटचा तांबडा ठिपका होता तेव्हा विचारलं." मेकूपी थांबून थांबून बोलत होती. "कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर सगळी तिथेच बसली असती. तूही फुंकर घाल. मोठी घाल. माणसं तिच्याकडे बघून चालतात."

ऊंजेच्या पोटाशी त्या पाच गोवऱ्या होत्या, एकेक उन्हात खरपूस वाळलेली, एकेक दिवसभर पुरेल अशी. निखाऱ्यासाठीच राखलेल्या. त्याच राखल्या म्हणून तो गेला. चार दिवस विझलेलं मडकं घेऊन ही पुढे चालली, आणि चार दिवस आपण तिच्या भाग्यावर जळत मागे.

मेकूपीने तिला जवळ ओढलं. ओढता ओढता तिचा डागांचा हात ऊंजेच्या पोटावर आला, आणि कातड्याच्या घडीतल्या त्या कडक, गोल गोष्टींवर थांबला. शेणात वाढलेल्या पोरीला गोवरी हाताला कळणार नाही, असं कसं होईल? हात क्षणभर तिथेच राहिला. मग तिने घडीचं टोक हळूच आत खोचलं.

"ओटी नीट बांध, थोरले," ती म्हणाली. "वाटेत सांडेल."

एवढंच बोलली. नंतर ऊंजे किती वेळ वाट पाहत बसली, की ही एक शिवी देईल, एक शाप देईल, निदान तोंड फिरवील. पण तेवढ्यात बाभळीची सावली सरकून गेली आणि मेकूपीच्या उघड्या डोळ्यांवर ऊन आलं. तरी तिच्या पापण्या मिटल्या नाहीत.

ऊंजे सर्वांच्या पुढे चालली. रोज सकाळी फुंकर, रोज संध्याकाळी फुंकर. राख उडे, तिच्या भुवयांवर, ओठांवर बसे, आणि मागून काचिवीकाका आशेने खोकत येई. पुढे चालायचा मान तिला मिळाला होता. सर्वांची नजर पाठीवर घेऊन चालणं किती जड असतं, हे मेकूपी कधी बोलली नव्हती. त्यातही ऊंजेला तिचा हेवाच वाटला: हिने मोकळ्या पोटाने हे ओझं नेलं. खोटं दोघींचं सारखंच. पण मेकूपीच्या ओटीत काही लपलेलं नव्हतं.

अकरा माणसं पोचली. बेचुआनांच्या मुलखात उथळ पाणी होतं, बोरूची बेटं होती, पक्षी होते. आणि कुणी गोळ्या घालत नव्हतं. माणसं पहिल्यांदा पोटभर प्यायली, पहिल्यांदा पोटभर रडली. तिसऱ्या सकाळी काचिवीने जागा झाडली, उगवतीकडे पाहून दगड मांडले, सुकलेली एक फांदी रोवली. "आण पोरी," तो म्हणाला, "घरी आलो. ठेव त्याला खाली."

दहा माणसं गोल करून उभी राहिली. ऊंजेने मडकं उपडं केलं. राखेचा छोटा ढीग पडला. वाऱ्याने त्यातली थोडी उचलली. मग तिने ओटी सोडली आणि राखेशेजारी एक गोवरी ठेवली. तिच्याजवळ दुसरी. तिसरी. चौथी. पाचवी. प्रत्येकीवर तिच्याच बोटांचे ठसे होते, ठिपकीच्या शेणात उमटलेले, वाळलेले, अगदी स्पष्ट.

सांगायला काही उरलं नव्हतं. गुराख्यांची माणसं ती. गोवऱ्या पाहून त्यांना सगळा हिशेब कळला. काचिवीने उजव्या हातातली काठी उचलली, ऊंजेने मान खाली घातली; पण काठी पडली नाही. म्हातारा बराच वेळ ती तशीच धरून उभा होता, आणि मग त्याने ती टेकली.

"पाच दिवसांच्या वाटेवर आपल्याच कुळाची वाडी उतरलीय," तो म्हणाला. "त्यांचा निखारा जगलाय, असं कानावर आलं. एका बापाची आग ती, मागितली तर देतील. जा, घेऊन ये."

"मी नको, काका."

"मग कोण? दुसरी लेक आहे कुठे?" त्याने काठीने राखेशेजारी दाखवलं. "आणि त्या गोवऱ्या घे बरोबर. वाटेत लागतील."

ती गेली. परक्या धुनीतून मेकूपीच्या मडक्यात एक निखारा आला, आणि परतीच्या पाच दिवसांत त्याने ठिपकीच्या पाचही गोवऱ्या खाल्ल्या: सावकाश, मुकाट्याने, एकामागून एक, वेळच्या वेळी. पाचवी संपत आली तेव्हा काचिवीने मांडलेले दगड दिसले. शेवटच्या चार पावलांवर मडकं कललं, निखारा घसरला आणि ऊंजेने तो बोटांनीच उचलला. तीन बोटांवर टपोरे फोड आले. अकराव्या वर्षापासून हवे होते ते. पण आता बघायला वाडी हसत उभी नव्हती.

वर्षं गेली. गाई पुन्हा जमल्या, एक, दोन, चार. पहाट पुन्हा आधी शिंगांवर उतरू लागली, शिंगांवरून पाठीवर, पाठीवरून गवतावर, आणि सर्वांत शेवटी राखेवर. ऊंजे निखारा आणते, कासंडी आणते, धुनीपाशी बसते. बसते मात्र डावीकडे, वाऱ्याच्या तोंडी. उजवीकडे तिने स्वतः शोधून आणलेला एक गुळगुळीत, काळाभोर दगड आहे. त्यावर ती बसत नाही, कुणाला बसू देत नाही.

सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात. पहाटे पहाटे धुनीतून धूर उठतो, निळसर, आळसावलेला. वारा कुठलाही असो, तो दोन वळसे घेतो, ऊंजेच्या अगदी गालापाशी येतो. ती डोळे मोठे करून थांबते. आज तरी, आज तरी. आणि धूर तिच्यापासून मान वळवून, हळूहळू, रिकाम्या दगडाकडे निघून जातो.